खडूच्या डोंगरावरचा माळ : ॲस्टन रोवंट राखीव क्षेत्राबद्दल वारंवार विचारले जाणारे प्रश्न

ही जागा नेमकी कुठे आहे?

लंडनहून ऑक्सफर्डकडे एम-४० महामार्गाने निघालात की स्टोकनचर्चनंतर रस्ता एका खोल, पांढऱ्या खिंडीत शिरतो आणि बाहेर पडताच समोर ऑक्सफर्डशायरचा सपाट मुलूख पसरलेला दिसतो. ही खिंड चिल्टर्न टेकड्यांच्या उतारात कापलेली आहे. तिच्या दोन्ही अंगांना, बीकन हिल आणि बॉल्ड हिल या डोंगरांवर, ॲस्टन रोवंटचं राष्ट्रीय निसर्ग राखीव क्षेत्र आहे. देखभाल नॅचरल इंग्लंड ही सरकारी संस्था करते. खडूच्या जमिनीवरचा जुना गवताळ माळ, ज्युनिपरची झुडपं आणि बीच वृक्षांचं थोडं जंगल, असा सगळा ऐवज आहे.

खडू म्हणजे फळ्यावर लिहितात तोच का?

शाळेतला खडू हल्ली बहुतेक जिप्समचा असतो. इथला खडू हा खडक आहे, म्हणजे चुनखडीचाच एक मऊ, भुसभुशीत प्रकार. समुद्रात तरंगणाऱ्या सूक्ष्म शैवालांच्या अंगावर कॅल्शियम कार्बोनेटच्या चकत्या असतात. त्या लाखो वर्षं तळाशी साचत गेल्या आणि त्यांचाच हा खडक झाला. इंग्लंडमधला खडू साधारण १० ते ७ कोटी वर्षांपूर्वीचा. सह्याद्रीचा काळा पत्थर साधारण ६.६ कोटी वर्षांपूर्वी लाव्हा होऊन वाहत होता, तेव्हा इथला खडू साचून झालेला होता.

या खडकावर माती जेमतेम १०-१५ सेंटिमीटर. बुटाच्या टाचेने उकरलं तरी पांढरे खडे वर येतात. पावसाचं पाणी झरझर खाली उतरतं, त्यामुळे डोंगरावर ओढा-नाला दिसत नाही. मात्र खडूच्या बारीक छिद्रांत पाणी धरून राहतं आणि खोल मुळांची झाडं ते ओढून घेतात. म्हणूनच कोरड्या ऑगस्टमध्ये वरवरचं गवत पिवळं पडलं तरी त्यातली फुलं टवटवीत असतात.

माती इतकी निकस, मग फुलं इतकी कशी?

निकस आहे म्हणूनच. मातीत नायट्रोजन कमी असतं आणि फॉस्फरस असलं तरी कॅल्शियमशी जखडलेलं, मुळांना सहज न मिळणारं. खताची जमीन असती तर दोन-तीन दांडगी गवतं हातभर वाढली असती आणि त्यांनी बाकीच्यांचा प्रकाश अडवला असता. इथे कुणालाच दांडगं होता येत नाही. जपलेल्या चांगल्या माळावर एका चौरस मीटरमध्ये ४० पर्यंत जातींच्या वनस्पती सापडतात: शीप्स फेस्क्यू हे सुईसारखं बारीक गवत, वाऱ्यावर थरथरणारं क्वेकिंग ग्रास, रानटी थाइम, सॅलड बर्नेट, रॉक-रोज, हॉर्सशू व्हेच.

गुडघे टेकून बसा आणि तळहाताएवढी जागा नीट पाहा. सॅलड बर्नेटची पानं चुरगळली की काकडीचा वास येतो. थाइमची फांदी जमिनीला चिकटून सरपटत गेलेली असते. उभं राहून यातलं काहीच दिसत नाही.

हा माळ राखीव आहे, तर निसर्गावर सोडून का देत नाहीत?

सगळ्यात जास्त विचारला जाणारा प्रश्न हाच. सोडून दिलं तर वीस-तीस वर्षांत तिथे माळ उरणार नाही.

दक्षिण इंग्लंडच्या खडूच्या डोंगरांवर एके काळी जंगल होतं. नवाश्मयुगापासून माणसाने ते तोडलं आणि पुढे हजारो वर्षं तिथे मेंढ्या चरल्या. दिवसा डोंगरावर चरायचं आणि रात्री खालच्या शेतात बसायचं, हा मेंढपाळांचा जुना रिवाज. शेतात मेंढरं बसवणं आपल्याकडच्या धनगरांनाही नवीन नाही. यात डोंगराची पोषणद्रव्यं लेंड्यांवाटे रोज शेतात उतरत राहिली आणि डोंगर आणखी निकस होत गेला. आजची फुलं ही त्या चराईची देणगी आहे.

विसाव्या शतकात मेंढ्या कमी झाल्या, तेव्हा गवत कुरतडायचं काम बरंचसं सशांवर आलं. १९५३ मध्ये मिक्सोमॅटोसिस हा सशांचा रोग ब्रिटनमध्ये पोचला आणि दोन-तीन वर्षांत बहुतेक सगळे ससे मेले. माळांवर गवत उंच झालं, मागोमाग हॉथॉर्न आणि डॉगवुडची झुडपं शिरली. दुसऱ्या महायुद्धानंतर नांगरट, रासायनिक खतं आणि असं झुडपाळणं, या सगळ्यांत ब्रिटनमधले सुमारे ८० टक्के खडूचे माळ गेले.

नुसतं कुंपण घालून काय होतं, याचा धडा लार्ज ब्लू या फुलपाखराने दिला. त्याची अळी एका विशिष्ट लाल मुंगीच्या वारुळात वाढते. काही जागी फुलपाखरं पकडणाऱ्यांना अडवायला कुंपण घातलं, त्याबरोबर गुरंही बाहेर राहिली. गवत काही सेंटिमीटर वाढलं, जमीन सावलीत गारठली, ती मुंगी नाहीशी झाली आणि १९७९ मध्ये ब्रिटनमधलं लार्ज ब्लू संपलं. जेरेमी थॉमस या शास्त्रज्ञाने मुंगीचं हे कोडं उलगडलं. नंतर स्वीडनमधून आणून हे फुलपाखरू पुन्हा वसवण्यात आलं. ते ॲस्टन रोवंटवर नाही, पण त्याचा धडा इथेही लागू आहे.

मग चराई कशी करतात?

माळाचे तुकडे पाडून, पाळीपाळीने. एकाच वेळी सगळा डोंगर मेंढ्यांना दिला तर अळ्या, अंडी, फुलं सगळंच एका झटक्यात जातं. फुलांच्या उतारांवर मुख्य चराई शरद ऋतूत आणि हिवाळ्यात होते, बी गळून पडल्यावर. चिल्टर्न जेन्शियन हे इथलं खास जांभळं फूल, बकिंगहॅमशायरचं मानचिन्ह असलेलं, ऑगस्टपासून ऑक्टोबरपर्यंत फुलतं आणि दोनच वर्षं जगतं. त्याच्या तुकड्यात सप्टेंबरमध्ये मेंढ्या घातल्या तर बी धरायच्या आधीच फुलं जातात. उलट अजिबात चराई झाली नाही तर पुढच्या रोपांना उघडी माती मिळत नाही. कुठला तुकडा कधी द्यायचा, हे दर वर्षी पाहूनच ठरवावं लागतं.

मेंढरांचा हिशेब महिन्यांत करतात. एका हेक्टरवर ८ मेंढ्या ३ महिने म्हणजे वर्षभर २ मेंढ्यांएवढा भार. मेंढी दातांनी अगदी जमिनीलगत खुडते, गाय जिभेने ओढते आणि गवत खाली-वर ठेवते. गाईच्या खुरांनी माती उघडी पडते तीही कामाची. त्यामुळे बऱ्याच खडूच्या माळांवर दोन्ही वापरतात.

बिघडतं कुठे, तर तीन ठिकाणी. एक, हिवाळ्यात डोंगरावरच बाहेरून आणलेला चारा टाकला की त्यातून नायट्रोजन येतं आणि त्या जागी खाजकुयलीसारखी आग करणारी नेटल माजते. दोन, जंतांसाठी आयव्हरमेक्टिनसारखं औषध देऊन लगेच मेंढ्या माळावर सोडल्या की त्यांच्या लेंड्यांत शेणकिडे जगत नाहीत. तीन, ओल्या हिवाळ्यात तीव्र उतारावर जास्त जनावरं ठेवली तर गवताचा थर सोलून निघतो. थोडी उघडी माती हवी असते, घसरलेला डोंगर नको असतो.

झुडपं तोडताना पाहिली. झाडं तोडणं हे संवर्धन कसं?

माळावरचं हॉथॉर्न, डॉगवुड, ब्लॅकथॉर्न वेळीच काढलं नाही तर मेंढ्यांनाही ते आवरत नाही. तोड सप्टेंबर ते फेब्रुवारी करतात, कारण मार्चपासून पक्ष्यांची घरटी सुरू होतात. बुंधा जमिनीलगत आडवा कापतात आणि ताज्या कापावर लगेच तणनाशक लावतात. तेवढं चुकलं तर एका खोडाच्या जागी दहा फुटवे येतात, आणि डॉगवुड तर मुळांतूनही लांब लांब फुटतं. तोडलेला पाला तिथेच कुजू दिला की मातीला खत मिळतं, म्हणून तो उचलून नेतात किंवा ठरलेल्या एकाच जागी, जमिनीपासून वर धरलेल्या पत्र्यावर जाळतात.

सगळी झुडपं मात्र कधीच काढत नाहीत. कडेची झुडपं पक्ष्यांना आणि वाऱ्यापासून आडोसा शोधणाऱ्या फुलपाखरांना लागतात. आणि जुन्या झुडपाखालची माती आधीच सुपीक झालेली असते. तिथे तोडल्यावर पहिली दोन-तीन वर्षं फुलांऐवजी काटेरी थिसलच उगवतं. याने निराश होऊ नये.

ज्युनिपरचं इतकं कौतुक कशासाठी?

जिनला चव देणारं हेच ते काटेरी, सदाहरित झुडूप. दक्षिण इंग्लंडमध्ये ते फार घटलं आहे आणि ॲस्टन रोवंट हा त्याचा महत्त्वाचा आसरा. नर आणि मादी झुडपं वेगळी असतात. फळ पिकायला दोन वर्षं लागतात, पुढे बी रुजायलाही बहुधा दोन हिवाळे जातात. रोपाला सुरुवातीला उघडी माती हवी, नंतर काही वर्षं मेंढ्या आणि सशांपासून मोकळीक हवी. या दोन गोष्टी एकामागोमाग क्वचितच जुळून येतात. ससे मेले तेव्हा, पन्नाशीच्या दशकात, त्या जुळून आल्या. म्हणून बऱ्याच ठिकाणची झुडपं एकाच पिढीची, आता म्हातारी झालेली आहेत. नवी रोपं हवी असतील तर वरचा गवताचा थर खरवडायचा आणि रोपांभोवती जाळी लावायची. याला सोपी वाट नाही.

कुठल्या महिन्यात काय दिसतं?

एप्रिल-मेमध्ये काउस्लिपची पिवळी फुलं, आणि डिंजी स्किपर व ग्रीन हेअरस्ट्रीक ही फुलपाखरं. जून ते मध्य जुलै ऑर्किडचा हंगाम: कॉमन स्पॉटेड, फ्रेग्रंट, पिरॅमिडल. जुलैमध्ये काळे-पांढरे मार्बल्ड व्हाइट आणि नारिंगी, वेगाने उडणारं डार्क ग्रीन फ्रिटिलरी. ऑक्टोबरनंतर छोट्या गवतात रंगीत वॅक्सकॅप भूछत्रं, आणि थंडीत फळांवर तुटून पडणारे फील्डफेअर व रेडविंग हे पक्षी.

आम्हाला विचाराल तर ऑगस्टचा पहिला पंधरवडा निवडा. तेव्हा सिल्व्हर-स्पॉटेड स्किपर उडत असतं. ते इंग्लंडच्या दक्षिणेतल्या मोजक्याच खडूच्या डोंगरांवर उरलं आहे आणि ॲस्टन रोवंट त्यांपैकी एक. नखाएवढं, मधाच्या रंगाचं हे फुलपाखरू जमिनीलगत इतक्या जोरात उडतं की नजर मागे पडते. थिसलच्या फुलावर बसलं की पंखाखालचे चंदेरी ठिपके पाहून घ्या. मादी अंडं घालते ते शीप्स फेस्क्यूच्या पात्यावर, तेही उघड्या मातीच्या कडेला असलेल्या छोट्या झुबक्यावर. मेंढीच्या पायवाटेची कड किंवा सशाने उकरलेली जागा तिला नेमकी सापडते, कारण तिथे ऊन थेट मातीवर पडतं. अंडं पूर्ण हिवाळा तसंच राहतं आणि वसंतात फुटतं. उन्हाळे तापू लागल्यापासून ते थोड्या उंच गवतात आणि कमी उन्हाच्या उतारांवरही अंडी घालू लागलं आहे.

निळी फुलपाखरं सगळी सारखीच दिसतात. फरक कसा ओळखायचा?

पंखाच्या पांढऱ्या किनारीकडे पाहा. किनार सलग पांढरी असेल तर ते कॉमन ब्लू. काळ्या शिरा किनारीत घुसून तिचे तुकडे पाडत असतील तर चॉकहिल ब्लू किंवा ॲडोनिस ब्लू. चॉकहिलचा नर दुधाळ, फिकट निळा आणि रुंद करड्या कडेचा. ॲडोनिसचा निळा इतका झगझगीत की शंकेला जागा उरत नाही. या दोघांच्याही अळ्या हॉर्सशू व्हेच सोडून काही खात नाहीत. माद्या मात्र तिन्ही जातींच्या बहुधा तपकिरी असतात, तिथे किनार हाच भरवशाचा पुरावा.

गवतातले ते छोटे उंचवटे कसले?

पिवळ्या माळमुंगीची वारुळं. ती दरसाल साधारण लिटरभर मातीने फुगतात, म्हणजे गुडघ्याएवढं वारूळ कित्येक दशकांचं असतं. माती सैल आणि उबदार, म्हणून थाइम आणि रॉक-रोज त्यावर आवर्जून वाढतात. हिरवा सुतारपक्षी जमिनीवर उतरून याच मुंग्या खातो. बसायला आयतं स्टूल मिळालं असं वाटतं, पण बसू नका.

काजवे दिसतात का?

जून-जुलैत खडूच्या माळांवर रात्री दहानंतर ग्लो-वर्म दिसू शकतात. पण भंडारदऱ्याला झाडंच्या झाडं लुकलुकतात तसं काही मनात धरून जाऊ नका. इथे चमकते ती बिनपंखांची मादी, गवताच्या पात्यावर एका जागी बसून, न लुकलुकता, हिरवट. अळ्या गोगलगाई खातात, आणि शंखाला लागणारं कॅल्शियम मुबलक असल्याने खडूवर गोगलगाई भरपूर. त्यातली मोठी रोमन स्नेल २००८ पासून कायद्याने संरक्षित आहे, उचलून नेऊ नका. टॉर्च कमीत कमी वापरा, उजेडात नराला मादी सापडत नाही.

आकाशात सतत घिरट्या घालणाऱ्या घारींना खायला द्यावं का?

नाही. या लाल घारी. शेपूट खोल दुभंगलेली आणि तांबूस असते, आपल्याकडच्या घारीपेक्षा ठळक. इंग्लंडमधून त्या एकोणिसाव्या शतकात संपल्या होत्या. १९८९ ते १९९४ दरम्यान मुख्यतः स्पेनमधून आणलेली सुमारे ९० पिल्लं चिल्टर्नमध्ये सोडली आणि आजचा सगळा गोतावळा त्यांचाच. लोक बागेत मांसाचे तुकडे टाकतात, पण नुसत्या मांसात कॅल्शियम पुरेसं नसतं आणि पिल्लांची हाडं कमकुवत होतात. शिवाय धीट झालेली घार मुलांच्या हातातलं सँडविच पळवते.

मधोमध महामार्ग जातो, त्याचा त्रास होत नाही का?

होतो. आवाज तर आहेच, पण न दिसणारा त्रास मोठा. वाहनांच्या धुरातली नायट्रोजन ऑक्साइड्स मातीत उतरतात, म्हणजे खतच पडतं. अशा माळाला वर्षाला हेक्टरी १० ते २० किलो नायट्रोजनपर्यंतच सोसतं असं मानलं जातं. त्यापुढे टोर ग्राससारखं भरड गवत जोर धरतं, जे मेंढ्याही नाखुशीने खातात. एवढं खरं, की खिंड कापल्यामुळे खडूचे थर उघडे पडले आणि ती भिंत भूगर्भशास्त्रासाठी वेगळी संरक्षित केली आहे.

ऑर्किडचं एखादं रोप खणून नेता येईल का?

१९८१ च्या वन्यजीव कायद्यानुसार जमीनमालकाच्या परवानगीशिवाय कुठलंही रानरोप मुळासकट काढणं हा गुन्हा आहे. आणि नेलं तरी जगणार नाही. ऑर्किडचं बी धुळीसारखं, आत अन्नसाठा शून्य. मातीतली विशिष्ट बुरशी मिळाली तरच ते रुजतं आणि फुलायला कित्येक वर्षं घेतं. कुंडीतल्या मातीत ती बुरशी नसते. फोटो काढतानाही पाय कुठे पडतोय ते पाहा. एका फुलाच्या फोटोसाठी आसपासची पाच न फुललेली रोपं तुडवली जातात.

जाताना काय तयारी हवी?

गाडी असेल तर एम-४० च्या जंक्शन ५ ला स्टोकनचर्चजवळ बाहेर पडा. गाडी नसेल तर लंडन-ऑक्सफर्ड मार्गावरच्या ऑक्सफर्ड ट्यूब बसचा जंक्शन ६ जवळचा लूकनॉरचा थांबा पाहा, वेळापत्रक आधी तपासा. तिथून डोंगराच्या पायथ्याने जाणारी रिजवे ही पायवाट राखीव क्षेत्राला येऊन मिळते. चढ दमवणारा आहे. ओला खडू साबणासारखा घसरतो, म्हणून पकड असलेले बूट घाला, चपला नकोत. पाणी आणि खाणं बरोबर घ्या, डोंगरावर दुकान नाही.

पँट मोज्यांत खोवा. गवतात गोचिडी असतात आणि त्यांच्यामार्फत लाइम रोग होऊ शकतो. घरी आल्यावर गुडघ्यामागे, काखेत, मुलांच्या केसांत तपासा. गोचीड सापडली तर बारीक चिमट्याने कातडीलगत पकडून, न पिळता, सरळ वर ओढा. तेल, आगकाडी असले उपाय करू नका. पुढच्या काही आठवड्यांत पसरत जाणारं लाल वर्तुळ उठलं तर डॉक्टरांना लगेच दाखवा.

कुत्रा असेल तर पट्ट्यावर, आणि त्याची घाण पिशवीत. त्यातलं फॉस्फरस आणि नायट्रोजन या माळाला नको असलेलं खतच आहे.

हे कासच्या पठारासारखंच आहे का?

पातळ, निकस थर आणि त्यावर ठेंगणी फुलं, इथपर्यंत साम्य आहे. पण कासचा खडक जांभा, तिथली ओल पावसाळ्याची आणि तिथे झाडं मुळात रुजायलाच जागा नाही. इथे मात्र झाडं सतत दारात उभी असतात. दोन्हीकडे वाद एकच: गुरं आत की बाहेर. त्याचं उत्तर एका जागेवरून उचलून दुसरीकडे लावता येत नाही.

फुलपाखरं मोजायला मदत करता येईल का?

येईल. ठरलेल्या वाटेवरून एप्रिल ते सप्टेंबर दर आठवड्याला संथ चालायचं आणि दोन्ही बाजूंना अडीच-अडीच मीटर व पुढे पाच मीटरमधलीच फुलपाखरं मोजायची. वेळ साधारण पावणेअकरा ते पावणेचार. तापमान १३ अंशांच्या खाली असेल तर मोजणी नाही, १३ ते १७ मध्ये ऊन हवंच. ब्रिटनभर ही नोंद १९७६ पासून सलग चालू आहे. सगळ्यात नेहमीची चूक म्हणजे सुंदर फुलपाखरू दिसलं म्हणून वाट सोडून त्याच्यामागे जाणं. मग त्या आठवड्याचा आकडा मागच्या वर्षांशी ताडता येत नाही.

आमच्या घरामागच्या बागेत असा छोटा माळ करता येईल का?

लंडनच्या चिकणमातीवर थेट नाही. ऊन असलेल्या कोपऱ्यात वरची सुपीक माती काढून टाका आणि १५-२० सेंटिमीटर खडू किंवा चुनखडीचा चुरा घाला. वर कंपोस्ट अजिबात नको. सप्टेंबर-ऑक्टोबरमध्ये खडूच्या जमिनीसाठीचं स्थानिक बियाणं चौरस मीटरला ४ ग्रॅम या हिशेबाने, वाळूत मिसळून फेका. माती ओढू नका, नुसतं पायाने दाबा. पहिल्या उन्हाळ्यात तण वर आलं की ५ सेंटिमीटरवर कापत राहा.

जिथे आधीच गवत आहे तिथे यलो रॅटल पेरा. ही अर्धपरजीवी वनस्पती गवताच्या मुळांतून रस ओढते आणि त्याचा जोर मोडते. बी ताजं, त्याच वर्षीचं हवं. त्याला हिवाळ्याची थंडी मिळावी लागते, म्हणून वसंतात पेरलेलं उगवत नाही. आधी गवत अगदी खाली कापून निम्मी माती उघडी करा. मार्चनंतर जुलैअखेर बी गळेपर्यंत कापणी बंद, कारण रॅटल वर्षायू आहे, एका वर्षाचं बी गेलं की सगळंच गेलं. मग ऑगस्टमध्ये कापा, दोन दिवस तिथेच वाळू द्या, झटकून बी पाडा आणि गवत उचलून न्या.